‘नंदादेवी उणे तीन अंश’ म्हणजे नेमकं कुठलं उणे तीन?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: जूनमध्ये हवामानाच्या ॲपवर उत्तराखंडातल्या नंदादेवी शिखराचं तापमान उणे तीन दिसत होतं, आणि एवढी थंडी तर लडाखमध्येही असते. नकाशावर जोशीमठपासून शिखर सरळ रेषेत पंचेचाळीस किलोमीटरसुद्धा नाही. मग त्याला इतकं दुर्गम का म्हणतात, तिथलं हवामान नेमकं कसं असतं, आणि सप्टेंबरमध्ये तुम्ही पाच जण लाता गावावरच्या लाता खरक या कुरणापासून धरांसी खिंडीपर्यंत जाणार आहात तेव्हा काय अपेक्षा ठेवायची?

गेली एकवीस वर्षं मी गढवाल-कुमाऊंमधल्या हिमनद्यांवर बर्फाची मापं घेण्याचं काम करतो. एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. नंदादेवीच्या आतल्या खोऱ्यात माझं पाऊल पडलेलं नाही. १९८२ मध्ये ते राष्ट्रीय उद्यान झालं आणि पुढच्या वर्षापासून मोजके अपवाद सोडले तर कोणालाच आत सोडत नाहीत. मी काम केलंय ते त्या खोऱ्याला वेढणाऱ्या डोंगरांच्या भिंतीच्या बाहेरच्या अंगाला, दक्षिणेकडे आणि पूर्वेकडे. तेव्हा भिंतीच्या आतलं जे सांगेन ते जुन्या मोहिमांच्या नोंदी, उपग्रहाची चित्रं आणि शेजारच्या हिमनद्यांवरून बांधलेला अंदाज यावर उभं आहे.

तुम्ही तीन प्रश्न विचारलेत, पण गोची एकच आहे. तुम्ही शिखराला एक ठिकाण समजताय. ७,८१६ मीटर उंचीचा डोंगर हे एक ठिकाण नसतंच. पायथ्याच्या बुरांसाच्या, म्हणजे ऱ्होडोडेंड्रॉनच्या, जंगलापासून माथ्यापर्यंत जेवढे हवामानाचे प्रकार लागतात, तेवढे बघायला सपाटीवरून निघालात तर ध्रुवाच्या दिशेनं हजारो किलोमीटर जावं लागेल. म्हणून ‘नंदादेवीचं तापमान किती’ असं कोणी विचारलं की आम्ही उलट विचारतो: कुठल्या उंचीवर, कुठल्या अंगाला, किती वाजता?

आधी त्या उणे तीनचा हिशोब करू. अंदाज वर्तवणारं संगणकाचं मॉडेल जमिनीचे चौकोन पाडतं. साधारण नऊ ते पंचवीस किलोमीटर बाजूचा एक चौकोन, आणि एका चौकोनाला एकच उंची. कोकणच्या किनाऱ्यावर ते चालून जातं. नंदादेवीभोवतीच्या एका चौकोनात मात्र चार हजार मीटरवरचं कुरणही बसतं आणि पावणेआठ हजारांवरचं टोकही. सरासरी काढली की मॉडेलच्या लेखी तिथे समजा ५,३०० मीटरचं एक गुळगुळीत टेकाड उरतं. तुमचं उणे तीन त्या टेकाडाचं होतं. प्रत्यक्षात ते टेकाड कुठेच नाही.

तिथून माथा अडीच हजार मीटर वर. दर हजार मीटरला तापमान सरासरी साडेसहा अंशांनी उतरतं असं धरलं तर उणे तीनमधून आणखी सोळा गेले, म्हणजे उणे एकोणीस. पण साडेसहा हा आकडा पुस्तकातला. पावसाळ्यात हवा ओली असते. वाफेचं पाणी होताना उष्णता सुटते, त्यामुळे उतार पाच-साडेपाचवर येतो. मे महिन्यातल्या कोरड्या दुपारी तोच सात-साडेसातपर्यंत जातो. त्यामुळे माझं उत्तर उणे सोळा ते उणे बावीसच्या दरम्यान कुठेतरी, असं येईल. काही ॲप उंचीची ही दुरुस्ती आपणहून करतात, काही करत नाहीत, आणि कोणतं करतं ते पडद्यावर लिहिलेलं नसतं. म्हणून ॲप वापरताना ते कुठली उंची धरून चाललंय हे आधी शोधा. दाखवतच नसेल तर त्या आकड्यावर स्लीपिंग बॅग ठरवू नका.

यंत्रांवर आंधळा विश्वास ठेवून मीही तोंडावर पडलोय. सुरुवातीच्या काळात ४,९०० मीटरवर आमच्या एका स्वयंचलित केंद्राचा तापमापक दुपारी अधिक चौदा दाखवू लागला. मी दोन आठवडे तो आकडा वहीत इमानेइतबारे उतरवत होतो आणि मनात ‘हवामानबदल’ असा मोठा मथळाही तयार होता. मग एकदा वर चढून बघितलं. तापमापकावरची पांढरी ताटल्यांची छत्री वाऱ्यानं निखळून खाली पडली होती आणि बिचारा तापमापक थेट उन्हात, खालून बर्फावरून परतणाऱ्या उन्हातही, भाजून निघत होता. हवा तेव्हा फार तर चार अंशांची असेल. पण त्या जागी अंगातलं जाकीट काढून बसलेल्या माणसाला चौदाच खरे वाटले असते, हेही तितकंच खरं. तंबूच्या उन्हाकडच्या बाजूला आम्ही बिनबाह्यांच्या गंजीवर बसायचो आणि सावलीच्या बाजूला ठेवलेल्या बाटलीत बर्फाचा पापुद्रा तसाच असायचा. उंचावर ऊन आणि सावली हे दोन वेगळे ऋतूच असतात म्हणा ना.

त्यात वारा. उणे वीस अंशांत वारा नसेल तर नीट कपडे घातलेला माणूस काम करू शकतो. तेच ताशी साठ किलोमीटरचा वारा सुटला की उघड्या कातडीला ते उणे छत्तीससारखं लागतं. नंदादेवीच्या माथ्यावर थंडीच्या महिन्यांत साठचा वारा म्हणजे शांत दिवस. कारण हिवाळ्यात पश्चिमेकडून पूर्वेकडे धावणारा वेगवान वाऱ्याचा झोत, जेट स्ट्रीम, हिमालयाच्या दक्षिण अंगावर येऊन बसतो आणि सात-आठ हजार मीटरची टोकं त्याच्या खालच्या पदरात शिरतात. थंडीत जोशीमठवरच्या औलीहून बघितलंत तर शिखराच्या टोकाला पांढरा पिसारा चिकटलेला दिसतो. लोक त्याला ढग समजतात. बहुतेक वेळा तो वाऱ्यानं उडवलेला भुगा बर्फ असतो.

हवेचा दाबही माथ्यावर समुद्रकाठच्या जेमतेम चाळीस टक्के. पाणी पंचाहत्तर अंशांच्या आसपासच उकळायला लागतं. पाच हजार मीटरच्या कॅम्पवरसुद्धा प्रेशर कुकर नसेल तर डाळ शिजत नाही, तर वर काय शिजणार.

आता दुर्गमतेकडे. पंचेचाळीस किलोमीटर हा आकडा बरोबर आहे, फक्त तो कावळ्याच्या कामाचा. नकाशावर उंचीच्या रेषा दाखवणारा थर उघडा आणि शिखराभोवती बोट फिरवा. एक कडं दिसेल, परीघ सुमारे ११० किलोमीटर. दक्षिणेला त्रिशूल (७,१२० मीटर), मृगथुनी, मैकतोली, पूर्वेला नंदादेवी पूर्व (७,४३४ मीटर), उत्तरेला हरदेवल, कालंका, चांगबांग, दूनागिरी. या सबंध कड्यावर ५,२०० मीटरपेक्षा खाली उतरलेली खिंड नाही. अपवाद एकच, पश्चिमेला ऋषिगंगेची घळ. आतल्या सगळ्या हिमनद्यांचं पाणी त्या एका घशातून बाहेर पडतं, रैणी गावाजवळ धौलीगंगेला मिळतं आणि पुढे विष्णुप्रयागला अलकनंदेला.

नंदादेवीचं मुख्य शिखर या कड्यावर नाही, हे बऱ्याच जणांना नकाशा बघूनही कळत नाही. कड्यावर आहे ते पूर्व शिखर. तिथून दोनेक किलोमीटर लांबीची धार आत, पश्चिमेकडे येते आणि तिच्या टोकाला मुख्य शिखर उभं आहे. मोठ्या घंगाळाच्या काठाला आतून एक सुळका चिकटवावा तसं. त्या सुळक्यामुळे घंगाळाचे दोन भाग पडतात आणि दोन्ही अंगांनी उत्तरी नंदादेवी आणि दक्षिणी नंदादेवी या हिमनद्या वाहतात. म्हणजे शिखराच्या बुडाशी पोचायलाच आधी भिंत ओलांडायला हवी किंवा घळीतून शिरायला हवं.

माणसांनी किती डोकं फोडलं बघा. ब्रिटिश गिर्यारोहक डब्ल्यू. डब्ल्यू. ग्रॅहॅम १८८३ मध्ये घळीतून प्रयत्न करून परतला. लाँगस्टाफ १९०५ मध्ये पूर्वेकडून भिंतीवरच्या खिंडीपर्यंत चढला, आत डोकावला, उतरू शकला नाही. त्यानंच १९०७ मध्ये त्रिशूल सर केला. म्हणजे सात हजार मीटरचं शिखर पडलं, पण शेजारच्या खोऱ्याचं दार उघडलं नाही. ते उघडलं १९३४ मध्ये. शिप्टन, टिलमन आणि आंग थारके, पासांग, कुसांग हे तीन शेर्पा घळीतून आत पोचले. घळीच्या शेवटच्या काही किलोमीटरांनी त्यांचे आठवड्याहून जास्त दिवस खाल्ले. दुर्गम हा शब्द किलोमीटरांत मोजायचा नसतो तो यासाठी. कड्याकपारीच्या मुलखात अंतर दिवसांत सांगतात. लातातल्या म्हाताऱ्यांना विचारा, तेही पडावांतच सांगतील.

ही भिंत नुसती माणसं अडवत नाही, ढगही अडवते. शिखराच्या हवामानाची अर्धी गोष्ट इथे आहे.

हवेतली निम्म्याहून जास्त वाफ जमिनीलगतच्या दोन-अडीच किलोमीटरांतच असते. मान्सूनचे वारे ती घेऊन दक्षिण-आग्नेयेकडून येतात आणि पिंडारी, सुंदरढुंगाच्या दऱ्यांतून वर चढत भिंतीला धडकतात. बराचसा पाऊस आणि बर्फ भिंतीच्या बाहेरच्या अंगावर पडतो. आत उरतं ते कमी. महाबळेश्वरला कोसळणारा पाऊस वाईला पोचेपर्यंत कसा ओसरतो ते आपण लहानपणापासून बघतोच. तत्त्व तेच, फक्त इथे घाटमाथा सहा-सात हजार मीटरचा. म्हणून आतल्या खोऱ्यात वार्षिक पाऊस-बर्फ एकूण कमी, आणि जो येतो त्यातला मोठा वाटा जूनअखेर ते ऑगस्ट.

तरी आतलं खोरं लडाखसारखं उघडंबोडकं नाही. पावसाळाभर खाली उतरलेले ढग आणि धुकं घळीतून आत शिरतं, माती ओली राहते, आणि कोरड्या खोऱ्यांत दिसणार नाही इतकी हिरवळ तिथे टिकते. घळीच्या बाजूला भूर्जाची झाडं आहेत, वर भरल नावाच्या रानमेंढ्या चरतात, कस्तुरीमृग आहे, हिमबिबट्या आहे. १९८८ मध्ये युनेस्कोनं जागतिक वारशाच्या यादीत हे उद्यान घातलं ते नुसतं शिखर देखणं म्हणून नव्हे. तुमची लडाखची तुलना इथे तुटते: तिथला उन्हाळा कोरडा, इथला ओला.

वर्षाचं चक्र साधारण असं. डिसेंबर ते मार्च बर्फ आणतात पश्चिमी चक्रावात. भूमध्य समुद्राच्या बाजूनं निघून इराण-अफगाणिस्तानावरून येणाऱ्या या प्रणालींना इंग्रजीत वेस्टर्न डिस्टर्बन्स म्हणतात, आम्ही वहीत नुसतं ‘डब्ल्यूडी’ लिहितो. एक डब्ल्यूडी दोन-तीन दिवस धिंगाणा घालून जातो आणि मागे कडक निळं आकाश नि कापरा वारा ठेवतो. माथ्यावर तेव्हा हवाच उणे तीसच्या आसपास. मे-जूनमध्ये जेट उत्तरेकडे सरकू लागतो, सकाळ निर्मळ असते, दहा-अकराला ढग फुगायला लागतात, दुपारी गडगडाट आणि साबुदाण्यासारखे बर्फाचे दाणे. जूनच्या तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात मान्सून उत्तराखंडात पोचतो, सप्टेंबरअखेर परततो. ऑक्टोबरमध्ये हवा सर्वांत स्वच्छ, पण जेट परत खाली येत असतो आणि दिवसागणिक वारा वाढतो.

आता गंमत ऐका. इतकं वाचल्यावर तुम्ही म्हणाल की चढाईला पावसाळा सर्वांत वाईट. नंदादेवीवर माणूस पहिल्यांदा पोचला तो २९ ऑगस्ट १९३६ रोजी, ऐन मान्सूनमध्ये. टिलमन आणि ओडेल. हे ओडेल पेशानं भूवैज्ञानिक. एव्हरेस्टवर १९२४ मध्ये मॅलरी आणि अर्विन यांना शेवटचं बघणारे तेच. ऑगस्टमध्ये बर्फ मऊ, ढग सतत, हिमस्खलनाची भीती जास्त, हे सगळं खरं. पण जेट तिबेटच्याही उत्तरेला गेलेला असतो, माथ्यावरचा वारा पडलेला असतो, हवा वर्षातली सर्वांत ऊबदार आणि दाबही किंचित जास्त. त्यात दक्षिणेची भिंत पावसाचा मोठा वाटा बाहेरच ठेवते. म्हणून मी सल्ला देताना ‘चांगला मोसम, वाईट मोसम’ हे शब्द वापरत नाही. वारा हवा की बर्फ, एवढंच निवडायचं असतं. पूर्व शिखरावर पोलिश मोहीम १९३९ मध्ये २ जुलैला पोचली तीही अशीच वाऱ्यातल्या फटीत. आणि त्याच मोहिमेतले दोघे त्याच महिन्यात जवळच्या तिरसुळी शिखरावर हिमस्खलनात गेले. दोन्ही बाजू एकाच मोहिमेत.

हा दुहेरी मोसम बर्फात वाचता येतो. हिमनदीच्या वरच्या टप्प्यावर आम्ही खड्डा खणतो, दोन-अडीच मीटर खोल, आणि त्याची सावलीकडची भिंत फावड्यानं तासून गुळगुळीत करतो. मग गुडघ्यावर बसून वरून खाली बघत जायचं. हिवाळ्याचा थर वाऱ्यानं दाबलेला, खडूसारखा; सुरीचं टोक टोचलं तर किर्र आवाज येतो. त्यावर मे महिन्याची पिवळसर तपकिरी रेघ, बोटाच्या नखाएवढी जाड, कधी तीही नाही. राजस्थानच्या थर वाळवंटातून आणि त्याही पलीकडून उडून आलेली धूळ. तिच्यावर मान्सूनचा थर, ओलसर, मध्ये मध्ये काचेसारखे बर्फाचे पत्रे, कारण दुपारी वितळलेलं पाणी झिरपून रात्री तिथेच गोठलेलं असतं. त्या रेघेला बोट लावून मी नव्या पोरांना सांगतो, इथे उन्हाळा सुरू झाला.

आल्प्सच्या हिमनद्या हिवाळ्यात खातात आणि उन्हाळ्यात झिजतात. आपल्या मध्य हिमालयात दोन्ही कामं बऱ्याच अंशी एकाच वेळी चालतात. जुलैमध्ये वर बर्फ पडतोय, खाली बर्फ वितळतोय, आणि दोहोंच्या मधली रेघ पाच हजार मीटरच्या आगेमागे हलत असते. ऐन पावसाळ्यात शून्य अंशाची पातळी साडेपाच हजार मीटरच्याही वर जाते. ती थोडी जरी वर सरकली तरी जिथे बर्फ पडायचा तिथे पाऊस पडतो. मग दुहेरी नुकसान: भर पडायची ती पडत नाही, आणि नव्या बर्फाची पांढरी चादर नसल्यानं जुना मळका बर्फ ऊन शोषून आणखी वितळतो. हिवाळ्यात चार बोटं बर्फ कमी पडला तर मी फार घाबरत नाही. ऑगस्टमध्ये ५,३०० मीटरवर तंबूवर पावसाचा टपटप आवाज आला की मात्र झोप उडते.

उत्तर-दक्षिण अंगांतला फरक थोडक्यात: दक्षिणेकडच्या भिंतींवर ऊन थेट, दुपारी दगड सुटतात, उत्तरेकडे भुगा बर्फ आठवडेच्या आठवडे न बसता राहतो आणि वरून चांगला दिसत असतानाच सरकतो. हिमनदीचं तोंड काळं दिसतं म्हणून ती मेली असं समजू नका. दगडमातीचा पातळ थर बर्फ लवकर वितळवतो, जाड थर पांघरुणासारखा त्याला वाचवतो.

तुम्ही मध्येच ‘हवामान बघून गेलं की धोका नाही ना’ असंही विचारलंय. तिथे मला हात जोडून नाही म्हणावं लागतं. ७ फेब्रुवारी २०२१ ची सकाळ. आकाश स्वच्छ, ऊन पडलेलं. ऋषिगंगेच्या खोऱ्यातल्या रौंठी शिखराच्या उत्तर उतारावरून, साडेपाच हजार मीटरच्या आसपास, सुमारे २ कोटी ७० लाख घनमीटर खडक आणि बर्फ एकत्र सुटला. त्यात चार भाग खडक आणि एक भाग बर्फ. दरीत आपटेपर्यंत घर्षणानं बर्फाचं पाणी झालं आणि रौंठीगाड ओढ्यातून ऋषिगंगेत, ऋषिगंगेतून धौलीत चिखलाचा लोंढा घुसला. दोनशेहून जास्त माणसं गेली. पहिल्या दिवशी कोणी ढगफुटी म्हणालं, कोणी हिमतलाव फुटला म्हणालं. दोन्ही नव्हतं, त्या दिवशी पाऊसच नव्हता. डोंगराच्या आत वर्षानुवर्षं रुंदावत गेलेली भेग होती. हवामान हे डोंगराचं वरचं कातडं. खालची हाडं आपल्या कॅलेंडरनं चालत नाहीत.

उलटंही होतं, म्हणजे कॅलेंडर चांगलं आणि आभाळ फिरतं. २०२१ च्याच ऑक्टोबरमध्ये १७ ते १९ तारखेला, ज्या काळाला आम्ही ‘हमखास’ म्हणतो त्या काळात, डब्ल्यूडी आणि दक्षिणेकडून आलेली ओली हवा एकमेकांत मिसळली. खाली धो धो पाऊस, वर कंबरभर बर्फ. नंदादेवीच्या दक्षिण भिंतीला लागून असलेल्या सुंदरढुंगात ट्रेकर त्यात सापडून गेले. २०१३ च्या जूनमध्ये केदारनाथला जे झालं त्यातही लवकर आलेला मान्सून आणि पश्चिमेकडची प्रणाली यांची अशीच गाठ पडली होती. म्हणून अंदाज वाचताना मी एकट्या मान्सूनकडे किंवा एकट्या डब्ल्यूडीकडे बघत नाही. दोन्ही एकाच आठवड्यात उत्तराखंडावर येतायत का, एवढंच बघतो. येत असतील तर वर जायचं नाही, मग परवाना हातात असो की घोडी ठरलेली असोत.

इथवरचं एका दमात सांगायचं तर: ॲपचा आकडा उंचीशिवाय निरर्थक, अंतर भिंतीमुळे फसवं, भिंतीमुळेच आतली हवा वेगळी, आणि मोसम निवडणं म्हणजे वारा की बर्फ हे निवडणं. आता तुमचा ट्रेक.

तुम्ही शिखराच्या जवळपासही जाणार नाही, तेव्हा माथ्याचे आकडे बाजूला ठेवा. लाता खरक सुमारे ३,७०० मीटरवर आणि धरांसी ४,२५० च्या आसपास. जोशीमठ १,८९० मीटरवर. जोशीमठला दुपारी बावीस अंश असतील तर लाता खरकला दहा-अकरा धरा. रात्री शून्याजवळ, धरांसीच्या बाजूला उणे दोन ते उणे पाच. ढगाळ रात्र असेल तर एवढं उतरणार नाही. आभाळ उघडं असेल तर पहाटे तंबूच्या आतून कापडाला दव गोठलेलं सापडेल. सप्टेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात गेलात तर दृश्य बघायची अपेक्षा ठेवू नका, धुक्यात चालायची ठेवा. तारखा हलत असतील तर २५ सप्टेंबरनंतरच्या घ्या. पाच दिवसांच्या बेतात एक दिवस कोरा ठेवा, आणि तो शेवटी न ठेवता लाता खरकला ठेवा. लाता गाव २,४०० मीटरच्या खाली आहे; एका दिवसात तेराशे मीटर चढून लगेच दुसऱ्या दिवशी खिंड गाठायला गेलात तर हवामानाआधी डोकं दुखायला लागेल.

परवाना जोशीमठच्या वनखात्याच्या कार्यालयातून काढावा लागतो, माणसांची संख्या मर्यादित असते आणि स्थानिक वाटाड्या सोबत लागतोच. नियम बदलत असतात, म्हणून निघण्याआधी तिथे फोन करून विचारा. वाटाड्या लाताचाच घ्या. आमच्या बरोबर कैक वर्षं काम केलेला तिथला एक जण सकाळी चूल पेटवायच्या आधी बाहेर जाऊन धूर नसलेल्या हवेत नुसता नाक वर करून उभा राहायचा. मी विचारायचो, “काय दिसलं, भैजी?” तो म्हणायचा, “साब, दिखता नहीं, भारी लग रहा है.” हवा जड लागतेय. त्या दिवशी दुपारी दोनच्या आत पाऊस ठरलेला. दमट हवेत खालच्या जंगलाचा वास वर चढतो, एवढंच त्याचं शास्त्र असावं, पण माझ्या दाबमापकापेक्षा तो जास्त वेळा बरोबर निघाला.

तुम्ही स्वतः एक करू शकता. ट्रेकच्या आदल्या दिवशी औलीला जा, उजाडायच्या आधी. नंदादेवी आग्नेयेला दिसेल. टोकाला पिसारा असेल आणि तो तुमच्या डावीकडे लांबट, ताठ पसरलेला असेल, तर वरचा वारा पश्चिमेचा आहे, हवा कोरडी आहे, तुमच्या उंचीवर दिवस बहुधा चांगला जाईल. पिसारा नसेल आणि शिखर अगदी स्वच्छ असेल तर त्याहून उत्तम. पण टोकावर गुळगुळीत, कडा घासल्यासारखा टोपीचा ढग सकाळी सहालाच बसलेला दिसला आणि आठपर्यंत तो जाड होत गेला, तर वर ओली हवा पोचलेली आहे. मग एक दिवस जोशीमठलाच थांबा आणि दुसऱ्या पहाटे पुन्हा औलीला जाऊन बघा.